गोष्ट कुठे आहे?

परवा सकाळच्या फिरायच्या कंपूत वाद झाला. मी सहज नलिनी मलानी यांच्या 'यूटोपिया'चा विषय काढला, तर एक जुने सहकारी फणकारले, "त्यात गोष्ट कुठे आहे, बाई? याला सिनेमा म्हणायचं? पाश्चात्त्यांची नक्कल आणि श्रीमंतांची थेरं!" तिथे हसून सोडलं. पण डोक्यातून जाईना, म्हणून इथे.

१९६९ साली चित्रकार अकबर पदमसींनी आपल्या नेहरू फेलोशिपच्या पैशातून मुंबईत 'व्हिजन एक्सचेंज वर्कशॉप' काढलं. जे.जे.तून नुकत्याच बाहेर पडलेल्या, तेवीस वर्षांच्या मलानींनी तिथे इमारतींची छोटी प्रतिकृती करून एकेक चौकट टिपली. ती रंगीत फिल्म म्हणजे 'ड्रीम हाउसेस', नव्या भारतातल्या घरांचं स्वप्न. १९७६ मध्ये त्यांनी तिच्या शेजारी दुसरी, कृष्णधवल फिल्म ठेवली. तीत एक तरुणी मुंबईकडे बघत उभी आहे. दोन्ही शेजारी-शेजारी चालतात. बस्स, हाच 'यूटोपिया'.

गोष्ट हवी? मी सून म्हणून वालीवला आले तेव्हा खिडकीतून भाताची खाचरं आणि मागे तुंगारेश्वराचा डोंगर दिसायचा. मग गाळे आले, गाळ्यांमागे चाळी, २००९ मध्ये महापालिका, आणि टॉवर. बिल्डरच्या जाहिरातीत कारंजं असतं, झाडं असतात. पाण्याचा टँकर तेवढा नसतो! ती जाहिरात आणि माझी खिडकी शेजारी-शेजारी लावा. झाला 'यूटोपिया'.

हेच सहकारी वर्गात मर्ढेकर शिकवताना पोरांना सांगत, "दोनदा वाचा, उलगडेल." मग फिल्मला एकदाच का? आणि नक्कल म्हणाल तर कुडाळजवळच्या पिंगुळीला जाऊन या. तिथली ठाकर मंडळी चामड्याच्या बाहुल्यांच्या सावल्या पडद्यावर नाचवतात. मलानी पारदर्शक नळकांड्यांवर उलट बाजूनं चित्रं रंगवतात, ती फिरतात, सावल्या भिंतींवर सरकतात. कुळी तीच की! (२०२३ चा क्योटो पुरस्कार मिळाला म्हणून त्या मोठ्या, असं मी म्हणत नाहीये.) श्रीमंतांचं म्हणावं, तर पोखरणच्या १९९८ च्या स्फोटांनंतर केलेलं 'रिमेंबरिंग टोबा टेक सिंग' त्यांनी १९९९ मध्ये प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये मांडलं. आपण शाळेच्या सहली नेतो तेच ते.

एक मात्र कबूल. मुंबईतल्या ज्या दालनात मी गेले, तिथे भिंतीवर मराठीची एक ओळ नव्हती. मजकूर सगळा इंग्रजी, तोही असा की आमच्यासारख्या मराठी माध्यमाच्या बी.ए.ला धाप लागावी. मुंबईच्या कामाबद्दल मुंबईच्या भाषेत चार वाक्यं लिहायला काय जातं? लोक 'कळत नाही' म्हणतात त्यात या मंडळींचाही वाटा आहे.

मराठीत बोलला तो फक्त दाराशी उभा पहारेकरी. म्हणाला, "बाई, ती पोरगी मी रोज बघतो. आमच्या नालासोपाऱ्याच्या गच्चीवरच उभी आहे असं वाटतं."

उद्या फिरायला गेले की सहकाऱ्यांना हे सांगते.