काळद्रव्याचा हिशेब

गेल्या महिन्यात उमापुरास एका तरुण स्नेह्याने आपली नवी कथा आम्हांस वाचून दाखविली. नायकाला जुन्या वाड्याच्या तळघरात काजळाची एक डबी सापडते. ते काजळ डोळ्यांत घालताच सारे जग जागच्या जागी थबकते. नायक मात्र हिंडतो-फिरतो, परीक्षेचा महिनाभराचा अभ्यास उरकतो, सावकाराच्या तिजोरीतून बापाचे गहाणखत काढतो, आणि डोळे पुसून पुन्हा आपल्या जागी येऊन बसतो. ऐकणारांनी वाहवा केली. आम्ही गप्प राहिलो, व त्याचा लेखकाला रागही आला. त्या मौनाचे कारण येथे उघड सांगणे बरे. कारण हा दोष एकट्या आमच्या स्नेह्याचा नव्हे. काळाला वाकविणाऱ्या मुळ्या, भस्मे, अंगठ्या यांचा अद्भुत कथांत सुळसुळाट झाला आहे, आणि हे द्रव्य बहुधा फुकट मिळते. ज्या कथेत काळ फुकट थांबतो ती कथा खोटी, असे आमचे स्पष्ट मत आहे.

‘अद्भुतच ते, त्याला खरेखोटे कसले?’ हा जबाब ठरलेला असतो. तर अद्भुताचेच दाखले घेऊ. भागवताच्या नवव्या स्कंधात ककुद्मी राजाची कथा आहे. मुलगी रेवती हिला वर विचारण्यासाठी तो तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तेथे गायन चालू असते, म्हणून क्षणभर थांबतो. गायन संपल्यावर आपल्या मनातील वरांची नावे सांगतो, तेव्हा ब्रह्मदेव हसून म्हणतो की, तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली. ते वर गेले, त्यांचे पुत्रपौत्रही गेले. रेवतीला बलराम मिळतो हे खरे. पण ककुद्मीला आपले म्हणावे असे कोणी उरत नाही, आणि तो बदरीच्या वाटेने तपाला निघून जातो. या कथेवरून आमच्या पूर्वजांना सापेक्षतावाद ठाऊक होता असे सिद्ध करणारे विद्वान आम्हांस वरचेवर भेटतात. त्यांना आम्ही हात जोडतो. परतलेल्या बापाकडे त्यांचे लक्षच जात नाही.

चांगदेवाची आख्यायिका तर आपल्या घरची. उमापूर ज्या गेवराई तालुक्यात आहे, त्याच्या उत्तर सीमेवरून वाहणाऱ्या गोदावरीच्याच काठी, पण बरेच वर पुणतांब्यास, त्याची समाधी दाखवितात. योगबळाने चौदाशे वर्षे काळाला चुकविलेल्या या पुरुषाला ज्ञानदेवांस पत्राचा मायना सुचला नाही व त्याने कोरा कागद पाठविला. पुढे त्याने मुक्ताबाईला गुरू केले. चौदाशे वर्षांच्या शिल्लकेचा एवढा रोखठोक हिशेब आम्ही अन्यत्र वाचलेला नाही.

परकीयांतही जो चांगला लेखक असतो तो हा हिशेब चुकवीत नाही. वेल्स याच्या १९०१ सालच्या ‘द न्यू अ‍ॅक्सिलरेटर’ या गोष्टीत औषध घेणारा सहस्रपट वेगाने जगू लागतो. धावू जाताच हवेच्या घर्षणाने त्याचे कपडे करपू लागतात! शास्त्राची साक्ष हवी असेल तर दिशादर्शक उपग्रहांवरील घड्याळे घ्या. ती भूमीवरील घड्याळांच्या पुढे दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद जातात, व तेवढा फरक आधीच वळता करून ठेवावा लागतो. जयंत नारळीकरांनी १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत ‘कृष्णविवर’ ही कथा टोपणनावाने पाठवून पहिला क्रमांक मिळविला. म्हणजे काळाचे कोडे कथेत नेटके मांडणारा नमुना मराठीत नाही, ही सबबही उरत नाही.

आता काजळाकडे वळू. थांबलेल्या जगात नायक महिनाभर अभ्यास करतो, म्हणजे तो एकटाच महिन्याने म्हातारा होतो. अशी दहा-वीस वेळा काजळ घातले की तो आपल्या पाठच्या भावाहून किती वडील होईल, हे लेखकाने मोजले नाही. गहाणखत नाहीसे झाल्यावर सावकाराच्या कारकुनावर काय ओढवले, याचा तर उच्चारही नाही.

आणि हे उमापुरात बसून लिहावे! बीड जिल्ह्यातून दर वर्षी लाखो माणसे दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला निघतात आणि पाच-सहा महिन्यांनी परततात. नवराबायकोच्या जोडीला ‘कोयता’ म्हणतात, व निघण्यापूर्वी घेतलेल्या रकमेला ‘उचल’. न आलेला काळ आधीच विकून हाती आलेले हे पैसे. हंगामात फिटले नाहीत तर पुढचाही हंगाम त्यांत जातो. आजीपाशी ठेवलेले तान्हे मूल परतलेल्या आईला ओळखत नाही, तिच्याकडे जायला रडते. ककुद्मीची गोष्ट या घरांत समजावून सांगावी लागणार नाही.

हे सारे आम्ही स्नेह्यास सांगितले. त्याने कथा फाडावी असे आमचे म्हणणे नव्हते. डबी राहू द्यावी, पण कारकुनाच्या घरी एकदा जाऊन यावे, एवढीच सूचना केली. ‘मग गोष्ट लांबेल,’ तो म्हणाला, आणि वही घेऊन गेला. अद्याप परत आलेला नाही.