अंधारातील दहा पावले

पलंगापासून स्वच्छतागृहापर्यंतचे अंतर वाशी-नेरुळच्या जुन्या सिडको सदनिकांत फार तर दहा पावलांचे. ज्येष्ठ रुग्णांकडून पडण्याच्या हकिगती ऐकताना लक्षात येते, की त्यांतील कितीतरी याच दहा पावलांत घडलेल्या असतात. रात्री दोन-तीनचा सुमार, झोपेची गुंगी, रक्तदाबाच्या गोळ्यांमुळे उठताक्षणी उतरणारा दाब. आणि सुनेची झोप मोडू नये म्हणून न लावलेला दिवा! हा संकोच मला सर्वांत घातक वाटतो, कारण त्यावर माझ्यापाशी गोळी नाही.

अभियांत्रिकी शिकणारे नातवंड घरी असेल, तर त्याच्या हातून एक उपाय जरूर करून घ्यावा. आर्डुइनो नावाचा छोटा नियंत्रक २००५ साली इटलीत विद्यार्थ्यांसाठी तयार झाला. आज हौशी मुलांच्या खणात तो हमखास सापडतो. त्याला पांढऱ्या घुमटीचा ‘पीआयआर’ संवेदक जोडायचा. आपले शरीर अवरक्त किरणांच्या रूपाने सतत उष्णता बाहेर टाकत असते. करोनाकाळात सोसायटीच्या फाटकावर कपाळासमोर धरत, तो तापमापक याच किरणांवर चाले. हा संवेदक स्वतः कोणतेही किरण सोडत नाही आणि छायाचित्रही घेत नाही. समोरच्या उष्णतेतील हालचाल तेवढी टिपतो आणि दिवा लागतो. आजी-आजोबांच्या खोलीत कॅमेरा लावण्यापेक्षा हे मला कितीतरी सभ्य वाटते.

जागा मात्र विचारपूर्वक निवडावी. थेट समोरून येणाऱ्या माणसापेक्षा आडवा जाणारा माणूस या संवेदकाला चटकन जाणवतो. म्हणून तो वाटेच्या बाजूच्या भिंतीवर, घोट्याच्या वर थोड्या उंचीवर लावावा. तेथून अंथरुणातील कूस बदलणे दिसत नाही व दिवा उगाच लागत नाही. काचेपलीकडचे त्याला कळत नाही. मे महिन्यात भिंतीच शरीराइतक्या तापल्या, की त्याची नजर मंदावते. तेव्हा पुन्हा तपासून पाहावे. दिवा पाच व्होल्टचा, मंद पिवळा असावा. घरच्या २३० व्होल्टच्या तारांना नातवाने हात लावू नये. ते काम वायरमनचे.

याहून महत्त्वाची गोष्ट अशी, की निश्चल माणूस या यंत्राला दिसत नाही. पडून बेशुद्ध झालेली व्यक्ती त्याच्या लेखी रिकामी खोलीच. म्हणून एकट्या राहणाऱ्यांसाठी उलटा हिशेब मांडावा: रोज सहाला स्वयंपाकघरात होणारी हालचाल आठपर्यंत झाली नाही, तर वायफाय असलेल्या नियंत्रकाने संदेश धाडावा. तासन्‌तास फरशीवर पडून राहिल्यास स्नायूंना इजा होते, त्याचा भार मूत्रपिंडांवर येतो. अशा वेळी दोन तासांचे मोल फार असते. वीज गेली की मात्र संदेशही गेला, म्हणून सकाळचा दूरध्वनी बंद करू नये.

तो संदेश अमेरिकेतील मुलाकडे जाऊन काय उपयोग? तो शेजारच्या घरी जावा, आणि किल्लीही तिथेच असावी. स्नानगृहाला आतली कडी नको. बाहेरून उघडता येईल असे कुलूप बसवून घ्यावे.