शाई ती शाई? अजिबात नाही!

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. बहिणीच्या अ‍ॅडमिशनचे कागद घेऊन मी बेलापूरला एका सरकारी ऑफिसात चाललो होतो. प्रतिज्ञापत्र आदल्या रात्री घणसोलीतल्या एका दुकानातून प्रिंट करून आणलं होतं, सकाळी नोटरीही झालं होतं. स्टेशनबाहेर रिक्षा मिळेपर्यंत आडव्या पावसाचं पाणी फाइलमध्ये शिरलं. काउंटरवर कागद बाहेर काढला, तर बॉलपेनने केलेली सही जागच्या जागी होती आणि छापलेल्या मजकुराचे जांभळट ओघळ झाले होते.

काउंटरवरच्या बाईंची काही चूक नव्हती. वाचताच येत नाही तो कागद त्या घेणार कशा? मुदत दुसऱ्या दिवशी संपत होती, म्हणून निभावलं. नवीन प्रिंट, पुन्हा नोटरी, आणखी अर्धा दिवस रजा. मुदत त्याच दिवशी असती तर बहिणीचं एक वर्ष पाण्यात गेलं असतं, तेही अक्षरशः.

संध्याकाळी दुकानात गेलो. भांडायलाच गेलो होतो.

“दादा, या प्रिंटरमध्ये शाई कुठली आहे?”

“काळी.”

“तसं नाही. डाय की पिगमेंट?”

“शाई ती शाई हो. कंपनीची आणि लोकल, दोनच प्रकार.”

माझं भांडण या वाक्याशी आहे. दुकानदाराशी नाही. त्याने हे वाक्य बाजाराकडून उचललंय आणि बाजाराने ते आपल्या सगळ्यांच्या गळी उतरवलंय. शाईचे प्रकार कोण विकतं यावरून ठरत नाहीत. ते आत काय आहे यावरून ठरतात, आणि आत काय आहे हे बाटलीवर लिहिलेलं नसतं.

मी सॉफ्टवेअरवाला आहे. इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षाला केमिस्ट्री होती, तिच्यातला पाण्याचा जडपणा परीक्षेपुरता पाठ केला आणि सोडून दिला. पण त्या जांभळ्या ओघळांनंतर काही महिने रात्री बसून वाचत गेलो. जे कळलं ते सोपं करून सांगतो.

घरगुती इंकजेटच्या शाईत सगळ्यात जास्त असतं ते पाणी. त्यात ग्लिसरॉल किंवा ग्लायकॉलसारखे ओलावा धरून ठेवणारे द्रव असतात, नाहीतर नोझलच्या तोंडाशीच शाई वाळेल. पृष्ठताण कमी करायला साबणाच्या जातीचं एखादं रसायन, बुरशी लागू नये म्हणून एखादं जंतुनाशक, आम्लता सांभाळायला आणखी काही. आणि उरलेल्या थोड्या टक्क्यांत रंग. हे सगळं केसापेक्षा बारीक छिद्रांतून, काही पिकोलिटरच्या थेंबांनी, सेकंदाला हजारो वेळा उडवायचं. एक पिकोलिटर म्हणजे लिटरचा एक लाख कोटीवा भाग.

उडवायच्या पद्धती दोन. एकीत छोटा हीटर मायक्रोसेकंदांत साधारण ३०० अंशांपर्यंत तापतो, वाफेचा बुडबुडा होतो आणि तो थेंब ढकलतो. १९७७ साली कॅननच्या प्रयोगशाळेत शाई भरलेल्या सिरिंजच्या सुईला चुकून गरम सोल्डरिंग आयर्न लागलं, शाई उडाली, आणि तिथून ही कल्पना निघाली. एचपीने १९८४ मध्ये थिंकजेट बाजारात आणला तो याच तत्त्वावर. दुसऱ्या पद्धतीत विजेने आकार बदलणारा पिझो स्फटिक शाईला दाबतो. एप्सनचे प्रिंटर या पद्धतीचे.

आता रंगाकडे येऊ. डाय पाण्यात साखरेसारखा विरघळतो. पिगमेंट विरघळत नाही. त्याचे सुमारे १०० नॅनोमीटरचे कण पाण्यात तरंगत ठेवावे लागतात. डाय स्वस्त, चमकदार आणि नोझलला सोपा. पण जो पाण्यात विरघळतो, तो पाऊस लागला की पुन्हा विरघळणारच. डायच्या रेणूला पाण्यात विरघळवण्यासाठी जे सल्फोनेट गट जोडतात, त्यांनीच माझ्या बहिणीचं प्रतिज्ञापत्र बुडवलं.

आणि राग येण्यासारखी गोष्ट इथेच आहे. यावरचा उपाय जुना आहे. १९८० आणि ९०च्या दशकांत ब्रिटनमधल्या आयसीआय आणि पुढे झेनेका या कंपन्यांतल्या रसायनशास्त्रज्ञांनी सल्फोनेटच्या जागी कार्बोक्सिलेट गट आणि सोबत अमोनियम आयन वापरून डाय बनवले. बाटलीत शाई अल्कधर्मी असते, म्हणून हा डाय विरघळलेला राहतो. कागदावर पडला की अमोनिया उडून जातो, डाय आम्लरूपात येतो आणि पाण्यात विरघळेनासा होतो. शाई बाटलीत पातळ आणि कागदावर पक्की!

पिगमेंटचंही तसंच. कार्बन ब्लॅकच्या कणांवर ऋणभार देणारे गट रासायनिक बंधाने जोडले, की कण एकमेकांना ढकलत राहतात आणि तळाशी बसत नाहीत. कागदावर पाणी शोषलं गेलं की एकमेकांना चिकटून तिथेच थांबतात.

उन्हाचं आणि हवेचं गणितही सुटलेलं आहे. २००० साली एप्सनच्या फोटो प्रिंटरवर, त्यांच्याच चकचकीत कागदावर काढलेले फोटो काही घरांत नारिंगी पडू लागले. हवेतला ओझोन निळ्या डायला खात होता, निळा गेला की उरतो तो पिवळा आणि गुलाबी. त्यानंतर या निळ्या डायच्या, म्हणजे कॉपर थॅलोसायनिनच्या रेणूत बदल केले गेले. इलेक्ट्रॉन ओढून घेणारे गट बसवले की ओझोनला तो सहजासहजी फोडता येत नाही.

थोडक्यात, शाई कशी टिकवायची हे माणसाला कळलेलं आहे. मग माझ्या कागदावरची शाई का वाहून गेली?

एक कारण माझ्या पेशात आहे.

माझ्या घरच्या प्रिंटरची काळी कार्ट्रिज साडेसातशे रुपयांना मिळते. आत शाई साडेपाच मिलिलिटर. हिशेब करा, लिटरला १,३६,००० रुपये होतात. एवढ्या पैशात निदान ही शाई पाण्यात टिकते का, हे तरी खोक्यावर लिहावं? नाही. खोक्यावर काय आहे, तर चमकणारा होलोग्राम. आत काय आहे, तर चिप. चिपमध्ये ओळख क्रमांक असतो, किती शाई वापरली याची नोंद असते आणि ‘मी अस्सल आहे’ असं सांगणारी गुप्त किल्ली असते. शाईची चव त्या चिपला कळत नाही. उत्तम पिगमेंट भरलेली परक्याची कार्ट्रिज ती नाकारेल आणि पावसात वाहणारा डाय ‘अस्सल’ म्हणून पास करेल.

सप्टेंबर २०१६ मध्ये एचपीच्या काही प्रिंटरांनी दुसऱ्यांच्या कार्ट्रिज एकाएकी नाकारायला सुरुवात केली. कारण होतं फर्मवेअर. ज्या प्रोग्रामरांनी ते लिहिलं, ते माझ्यासारखेच असणार. त्यांनाही स्प्रिंटमध्ये एक टिकेट मिळालं असेल आणि त्यांनी ते बंद केलं असेल. २०१७ मध्ये लेक्समार्कच्या खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की कार्ट्रिज एकदा विकली की तिच्यावरचा पेटंटचा हक्क संपतो. मग कायद्याने जे कुलूप काढलं, ते कोडने लावता येतंच की. डिसेंबर २०२० मध्ये इटलीच्या स्पर्धा प्राधिकरणाने एचपीला १ कोटी युरोचा दंड केला. ग्राहकांना या मर्यादा नीट सांगितल्या नव्हत्या, हे त्यामागचं एक कारण होतं.

कंपन्यांचं म्हणणं पूर्ण खोटं नाही, हेही सांगायला हवं. शाई आणि प्रिंटहेड एकमेकांसाठी बनवलेले असतात. हीटरवर चुकीची शाई करपते आणि दूध लागलेल्या पातेल्यासारखा थर बसतो. काही संचांत रंगीत शाईत मुद्दाम मॅग्नेशियम किंवा कॅल्शियमचे क्षार घातलेले असतात, म्हणजे काळ्या पिगमेंटला ती कागदावर भेटली की पिगमेंट तिथेच गोठतं आणि अक्षराची कड फुटत नाही. अशा दोन शाया नळीतच एकत्र आल्या तर प्रिंटहेड गेलंच. पिझोच्या प्रिंटरची शाई हीटरवाल्यात भरायची नसते, डायच्या टाकीत पिगमेंट ओतायचं नसतं. हे सगळं खरं. पण हे खरं असेल तर सांगा ना! माझ्या प्रिंटरला अमुक चिकटपणाची, अमुक प्रकारची शाई लागते, असं खोक्यावर छापा. माहिती दडवायची, कुलूप लावायचं आणि वर ‘तुमच्या भल्यासाठी’ म्हणायचं, हे चालणार नाही.

आणि ‘लोकल’वाल्यांनाही सोडत नाही. प्लॅस्टिकच्या बाटल्या आणि नळ्या बाहेरून लावून कार्ट्रिजचा धंदा मोडणाऱ्या आशियातल्या दुकानदारांबद्दल मला आदरच आहे. त्यांच्यामुळेच २०१० मध्ये एप्सनने इंडोनेशियात टाकीचा प्रिंटर आणला आणि मग तो आपल्याकडेही आला. आज कॉलेजबाहेरच्या प्रत्येक झेरॉक्सवाल्याकडे टाकीचा प्रिंटर दिसतो, तो या जुगाडाचा विजय आहे. पण त्या दुकानातली बाटली मी हातात घेऊन पाहिली. त्यावर एवढंच होतं: ‘ब्लॅक, १०० मिली, सर्व प्रिंटरसाठी’. सर्व प्रिंटरसाठी! वर सांगितलेलं सगळं रसायनशास्त्र या दोन शब्दांनी धुऊन काढलं. कंपनी कुलपाआड लपते, लोकलवाला स्वस्ताईआड लपतो. ओघळ दोघांचेही आपल्याच कागदावर येतात.

हे सगळं मी जिथे राहून लिहितोय, तिथे तर याची जास्त लाज वाटायला हवी. ठाणे-बेलापूर रस्ता आधी केमिकल कंपन्यांचा होता, आमचे आयटी पार्क नंतर आले. १९३१ साली मुंबईत दांडेकरांनी शाईच्या पुड्या आणि गोळ्यांपासून धंदा सुरू केला, त्याचं पुढे कॅम्लिन झालं. १९५१ साली पुण्यात सुरू झालेल्या सुदर्शन केमिकलने रोह्यात आणि महाडमध्ये पिगमेंट बनवले आणि मार्च २०२५ मध्ये जर्मनीच्या हॉयबाख समूहाचा पिगमेंटचा धंदाच ताब्यात घेतला. त्याआधी, २०२२ मध्ये क्लॅरियंटचा पिगमेंटचा धंदा या हॉयबाखकडे गेला होता, आणि क्लॅरियंटचं भारतातलं ऑफिस आमच्या ऐरोलीत होतं. तिकडून आलेल्या मालाच्या यादीत खास इंकजेटसाठी बनवलेले पिगमेंट आहेत. म्हणजे रंगाचं ज्ञान रोह्याला आहे, पुण्याला आहे, माझ्या लोकलच्या खिडकीतून दिसेल इतकं जवळ आहे. आणि घणसोलीच्या दुकानातल्या बाटलीवर मात्र ‘काळी’ एवढंच.

“आता सगळं डिजिलॉकरमध्ये असतं, प्रिंट काढतंय कोण?” असं माझा एक मित्र म्हणाला. त्याने बहुतेक हल्ली भाडेकरार, प्रतिज्ञापत्र, शाळेचा दाखला, विम्याचा दावा यांपैकी काही केलेलं नाही. ज्यांच्याकडे घरी लेझर प्रिंटर आहे, त्यांना हा प्रश्न पडतच नाही. तो पडतो पावसात रांगेत उभं राहणाऱ्यांना.

मागणी फार मोठी नाही. बाटलीवर आणि कार्ट्रिजवर चार ओळी छापा: डाय आहे की पिगमेंट, कोणत्या पद्धतीच्या प्रिंटहेडसाठी, पाण्यात टिकते का, उजेडात किती टिकते. मोजायचं कसं, हा बहाणा नको. एका कार्ट्रिजमध्ये किती पानं निघतील, ते आयएसओ/आयईसी २४७११ या मानकाने मोजून कंपन्या आनंदाने सांगतात. कागदावरचं लिखाण आणि छपाई किती टिकाऊ आहे, हे तपासण्याचं आयएसओ ११७९८ हे मानकही १९९९ पासून आहे. विक्री वाढवणारा आकडा तेवढा सांगायचा आणि कागद वाचवणारा सांगायचा नाही?

केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने डिसेंबर २०२२ मध्ये ‘राइट टू रिपेअर’ पोर्टल सुरू केलं. शेतीची अवजारं, मोबाइल आणि टॅबलेट, घरगुती टिकाऊ वस्तू आणि वाहनं अशी चार क्षेत्रं त्यात घेतली. प्रिंटर आणि त्याची शाई त्यात नावानिशी यायला हवी. आणि माझ्या पेशातल्या मित्रांनो, पुढच्या वेळी ‘परकी कार्ट्रिज ब्लॉक करा’ असं टिकेट आलं, तर मीटिंगमध्ये निदान एवढं तरी विचारा: आपण शाई तपासतोय की फक्त नाव?

तोपर्यंत एक काम करा. तुमच्या नेहमीच्या दुकानातून एक ओळ प्रिंट करून घ्या. दिवसभर वाळू द्या आणि तिच्यावर पाण्याचा एक थेंब टाका. दुसरी पट्टी खिडकीला चिकटवा, अर्धी जाड पुठ्ठ्याने झाका आणि दोन महिन्यांनी पुठ्ठा काढून बघा. यासाठी प्रयोगशाळा लागत नाही.

मी ते दोन्ही प्रयोग त्या दुकानदाराला करून दाखवले. त्याने ओघळलेली पट्टी काउंटरच्या काचेखाली ठेवलीय. आता तो गिऱ्हाइकाला आधी विचारतो, “ऑफिसात द्यायचंय का? मग लेझरवर काढतो, दोन रुपये जास्त पडतील.” लेझरचा टोनर म्हणजे कागदावर वितळवून बसवलेलं प्लॅस्टिक, तो पावसात वाहत नाही.

त्याला हे कळायला एक थेंब पाणी लागलं. बाटलीवर लिहिलं असतं, तर तेवढंही लागलं नसतं.