मोजणी होऊनही वाद का उरतो?

जमिनीच्या ताब्याचा दावा दिवाणी न्यायालयात गेला की केव्हा ना केव्हा मोजणीचा अर्ज येतोच. न्यायालयाने आयुक्त नेमावा, त्याने जागेवर जाऊन सीमा आखाव्यात आणि सत्य काय ते नकाशावर यावे, अशी मागणी असते. अर्ज मंजूर झाला की दावा जवळपास जिंकल्याचा आनंद पक्षकाराला होतो. हा आनंद बहुधा अकाली ठरतो. मोजणीतून कशाचे उत्तर मिळते आणि कशाचे मिळत नाही, याची जाण दोन्ही बाजूंना असावी लागते.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६, नियम ९ नुसार न्यायालय स्थानिक पाहणीसाठी आयुक्त नेमू शकते. नियम १० नुसार त्याचा अहवाल पुराव्याचा भाग होतो. मात्र तो अंतिम शब्द नसतो. अहवालावर हरकत घेता येते आणि आयुक्ताची साक्षही तपासता येते. वाद केवळ हद्दीचा असेल तर ही मोजणी अत्यावश्यक असते. हरियाणा वक्फ मंडळाच्या प्रकरणात खालच्या न्यायालयांनी आयुक्त नेमण्यास दिलेला नकार सर्वोच्च न्यायालयाने याच कारणास्तव चुकीचा ठरवला होता.

ताब्याचा प्रश्न मात्र वेगळा आहे. रेषा कुठून जाते हे आयुक्त सांगू शकतो. त्या रेषेपलीकडचे नारळ इतकी वर्षे कोण पाडत होते, हे त्याचे यंत्र सांगू शकत नाही. त्यासाठी घरपट्टीच्या पावत्या, वीजबिले आणि शेजाऱ्यांच्या साक्षी लागतात. कायदेशीर प्रक्रियेविना जागेतून काढल्या गेलेल्या व्यक्तीला विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ नुसार सहा महिन्यांच्या आत दावा करता येतो. त्यात मालकी कोणाची हे पाहिले जात नाही. तेथे मोजणीचा उपयोग वादग्रस्त जागा ओळखण्यापुरताच उरतो.

गोव्यात हा गुंता अधिक घट्ट आहे, कारण येथे अभिलेखांचे थर एकमेकांवर बसलेले आहेत. पोर्तुगीजकालीन भूनोंदणीत मालमत्तेचे वर्णन प्रायः चतुःसीमांनी केलेले असते: पूर्वेस अमक्याचे भाट, पश्चिमेस ओहोळ. मुक्तीनंतर १९६८ च्या भू-महसूल संहितेखाली सर्व्हे क्रमांक, नकाशे आणि एक-चौदाचा उतारा आला. उताऱ्यातील नोंद खरी मानावी, असे ही संहिता सांगते. पण विरुद्ध पुरावा येईपर्यंतच. जुन्या नोंदणीतील एक मालमत्ता दोन सर्व्हे क्रमांकांत विभागली गेली असेल, तर आयुक्ताने कोणता आधार धरावा? आदेशात ते स्पष्ट नसेल, तर अहवालच नव्या वादाचे मूळ ठरतो.

याची सर्वाधिक झळ मुंडकाराला बसू शकते. त्याचे घर पुष्कळदा भाटकाराच्या सर्व्हे क्रमांकातच उभे असते. मोजणीत ते घर भाटकाराच्या हद्दीत दिसणारच. एवढ्यावरून तो अतिक्रमणकर्ता ठरत नाही, कारण १९७५ च्या मुंडकार कायद्याने त्याच्या राहत्या घराला संरक्षण दिले आहे. कायद्याचा हा भाग ठाऊक नसलेल्या घरात मोजणीचा नकाशा पोहोचला की तोच निकाल समजला जातो आणि घाबरून तडजोडीवर सही होते.

म्हणून मोजणीच्या आदेशात प्रश्न नेमके हवेत: कोणता नकाशा आधारभूत धरायचा, कोणते स्थिर बिंदू घ्यायचे, खरेदीखताचा नकाशा सर्व्हे नकाशावर बसवून पाहायचा की नाही, आणि सध्याची कुंपणे, झाडे व बांधकामे नोंदवायची की नाही. पक्षकारांनीही मोजणीच्या दिवशी स्वतः हजर राहावे, कागदपत्रे आयुक्ताच्या हाती द्यावीत आणि हरकत तिथेच लेखी नोंदवावी. नोटीस मिळूनही गैरहजर राहिलेल्याची नंतरची तक्रार दुबळी पडते.

न्यायालयानेही हा अर्ज वेळेत निकाली काढला पाहिजे. वादग्रस्त पट्ट्यावर भिंत उभी राहिल्यानंतर आणि जुनी मेर बुजल्यानंतर झालेली मोजणी जागेची आजची स्थिती दाखवते. दावा दाखल झाला तेव्हा तिथे काय होते, हे मग साक्षीदारांच्या स्मरणातून शोधावे लागते, आणि दावा वर्षानुवर्षे चालला तर ते साक्षीदारही उरत नाहीत.