रिळे कुणाची, इतिहास कुणाचा?

२ मार्च १९३० रोजी नाशिकला काळाराम मंदिर प्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला. अवघ्या दहा दिवसांनी, १२ मार्चला, गांधीजी साबरमतीहून दांडीकडे निघाले. दांडीच्या वाटेवर देशी-परदेशी कंपन्यांचे कॅमेरे लागले होते. म्हणूनच मिठाच्या सत्याग्रहावर कुणीही माहितीपट काढायला बसला की काठी घेऊन झपझप चालणारे गांधीजी त्याला आयते मिळतात. आमच्या वाट्याला काय? जब्बार पटेल यांना २००० सालच्या चित्रपटात चवदार तळ्याचा प्रसंग नट उभे करूनच दाखवावा लागला. कॅमेरा कुठे वळायचा हे त्याच्या मालकाची जात आणि वर्ग ठरवतो, हे आमच्या वाचकांना नव्याने सांगायला नको.

जिथे कॅमेरा पोहोचला तिथे तो बहुधा आपल्याच माणसाने नेला. ७ डिसेंबर १९५६ रोजी मुंबईत बाबासाहेबांची अंत्ययात्रा निघाली, तेव्हा लेखक-दिग्दर्शक नामदेव व्हटकर यांनी पदरमोड करून तिचे चित्रीकरण केले. त्या दिवशीचा तो अथांग, रडणारा जनसागर हलत्या चित्रांत आज आपण पाहतो तो अशा धडपडीमुळे. ६ डिसेंबर जवळ आला की ही दृश्ये हातोहात फिरतात, नव्या माहितीपटांत जोडली जातात. व्हटकरांचे नाव किती जण देतात?

जुन्या दृश्यांवर काम करणाऱ्या आमच्या तरुण मित्रांशी आम्हाला थोडे कठोर बोलायचे आहे. १९५५ साली बीबीसी रेडिओने बाबासाहेबांची मुलाखत ध्वनिमुद्रित केली. रेडिओच्या मुलाखतीला चित्र कुठून असणार? तरीही त्या आवाजाला भलत्याच प्रसंगाची दृश्ये चिकटवलेल्या फिती घरोघर मोबाईलवर दिसतात. हे काम शत्रूचे नाही, आपलीच पोरे भक्तिभावाने करतात. आता तर यंत्राकडून फोटो हलवता येतो, ओठ हलवता येतात, आवाजही बनवता येतो. अमेरिकेत २०२१ साली 'रोडरनर' या माहितीपटात अँथनी बोर्डेन या दिवंगत लेखकाचा यंत्राने बनवलेला आवाज प्रेक्षकांना न सांगता वापरला गेला, तेव्हा तिकडे मोठा गदारोळ झाला. न बोललेली वाक्ये बाबासाहेबांच्या नावावर खपवण्याचा उद्योग छापील मजकुरात आधीच चालू आहे. त्या वाक्यांना उद्या बाबासाहेबांचा आवाज आणि चेहरा मिळाला, तर आपण कोणत्या तोंडाने खोटे म्हणणार? 'शूद्र पूर्वी कोण होते' लिहिताना ज्या महामानवाने पावलोपावली आधार दिले, त्याच्यावर चित्रपट काढणाऱ्याने पडद्याच्या कोपऱ्यात तारीख, ठिकाण आणि रीळ कुणाचे एवढे लिहिणे जड जाऊ नये. रचलेला प्रसंग असेल तर 'रचलेला' असे लिहा. प्रेक्षक दुधखुळा नाही.

जुन्या चित्रणाचे सोने कसे होते हे पाहायचे असेल तर 'जय भीम कॉम्रेड' (२०११) पाहावा. आनंद पटवर्धन यांनी १९८५ च्या 'हमारा शहर'साठी शाहीर विलास घोगरे यांना गाताना टिपले होते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. त्यानंतर चार दिवसांनी घोगरेंनी आत्महत्या केली. मग त्याच जुन्या दृश्यांपासून चौदा वर्षांचे काम उभे राहिले. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, असे तेव्हा पोलिसांनी सांगितले होते. गुंडेवार आयोगाने तो बचाव फेटाळला. जे रीळ काढले त्या दिवशी केवळ गाण्याचे होते, ते पुढे साक्षीदार झाले.

सरकारकडेही आमचा हिशेब आहे. कॉपीराइट कायद्याप्रमाणे चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतर साठ वर्षे टिकतो. म्हणजे १९५६ साली प्रदर्शित झालेल्या वृत्तपटावरचा हक्क २०१६ अखेर संपला. पण कायद्याने मोकळे झालेले रीळ डब्यात बंदच असेल तर त्याचा उपयोग काय? २०२२ साली फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय एनएफडीसीत विलीन केले गेले. बाबासाहेबांचे व चळवळीचे जे जे चित्रण त्यांच्या कोठारात आहे त्याची यादी तारीखवार जाहीर करावी आणि अभ्यासकांना, चित्रपटकर्त्यांना त्याच्या प्रती विनामूल्य द्याव्यात, अशी आमची मागणी आहे. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत शेकडो जुने चित्रपट जळाले. डबा सांभाळतो म्हणणाऱ्यांचा हा अनुभव विसरता येत नाही.

आणि आपले काय? नामांतराचे मोर्चे, १९८७-८८ चे रिडल्सचे आंदोलन, १४ जानेवारी १९९४ चा जल्लोष, भीमगीतांचे जलसे. लग्नाचे शूटिंग करणाऱ्या आपल्या पोरांनी हे व्हिडिओ कॅसेटवर उतरवले. त्या कॅसेटी आज कुणाच्या माळ्यावर, कुणाच्या लोखंडी कपाटात आहेत. फितीला बुरशी लागते, चुंबकीय लेप सुटतो, आणि ती चालवणारे यंत्र दरवर्षी दुर्मिळ होते. बुद्ध विहारांच्या समित्यांनी या पावसाळ्याआधी वस्तीतल्या कॅसेटी गोळा कराव्यात आणि संगणकावर उतरवून घ्याव्यात. मूळ कॅसेट मात्र फेकू नये. तिच्यावर चिठ्ठी लावावी: कोणत्या दिवशी, कोणत्या गावी, आणि कॅमेरा कुणाच्या हातात होता.