तख्त काळं झालं म्हणून वही बदलत नाही

सध्या आपल्या पोरांत एक नवी फॅशन आलीय. मलिक अंबरचं चित्र छातीवर, जंजिऱ्याच्या सिद्दीचा फोटो मोबाइलवर आणि खाली ओळ ठोकायची : काळा राजा, आपला राजा. लगेच पलीकडच्या गोटातली पोरं उठतात. सिद्दी म्हणजे परका, लुटारू, स्वराज्याचा वैरी. दोन्हीकडून शिव्यांचा धुरळा. दोस्तांनो, मी गोदीत ओझी वाहणारा, मॅट्रिकपर्यंत शिकलेला माणूस. मला दोघांनाही एकच विचारायचंय. त्या राज्यात वही कोणाच्या हातात होती? आणि पाटी कोणाच्या डोक्यावर होती?

मी सिन्नरचा. आमच्याकडं राजांची कमी नाही. सिन्नर ही यादवांची देवगिरीच्या आधीची राजधानी. गोंदेश्वराचं देऊळ अजून उभं आहे, काळ्या दगडात कोरलेलं. शाळेत गुरुजी छाती फुगवून सांगायचे, आपलं राज्य होतं. 'आपलं' म्हणजे कोणाचं? दगड कोणी फोडला, कोणी वाहिला, ते गुरुजींनी एकदाही सांगितलं नाही. आमची म्हातारी विड्या वळायची. ती म्हणायची, "राजा कोण बी येऊ दे, पत्ता आपल्यालाच कापायचाय." मला हे यादवांबद्दल कळत होतं. मग हबशाबद्दल का कळू नये?

आता अंबर. इथिओपियात जन्मला. पोरवयात विकला गेला. एका बाजारातून दुसऱ्या बाजारात, बगदादेत आणि शेवटी दख्खनमध्ये. निजामशाहीचा मंत्री चंगीझखान यानं त्याला विकत घेतला. हा चंगीझखान स्वतः हबशी, स्वतः एकेकाळचा गुलाम. धनी मेला, अंबर सुटला, फौज जमवली. १६०० मध्ये मोगलांनी अहमदनगर घेतल्यावर त्यानं दुसरा निजामशहा गादीवर बसवला आणि पंचवीस वर्षं दिल्लीला दख्खनमध्ये धड पाय रोवू दिला नाही. १६१० मध्ये खडकी वसवली, तिला नळानं पाणी आणलं. त्याच खडकीचं पुढं औरंगाबाद झालं आणि २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगर. ज्या शहरातल्या विद्यापीठाच्या नामांतरासाठी १९७८ पासून १९९४ पर्यंत आपली माणसं मेली, घरं जळाली, ते शहर एका विकल्या गेलेल्या पोरानं वसवलेलं आहे. हे प्रत्येकानं छातीठोक सांगावं. मी पण सांगतो.

जहांगिरानं या माणसाचं काय केलं? आयुष्यभर काळतोंड्या म्हणून लिहिलं. अंबरचं मुंडकं भाल्यावर आणि बादशहा त्यावर बाण मारतोय, असं चित्र काढून घेतलं. प्रत्यक्षात बाण लागलाच नाही, चित्रातच लागला. अंबर १६२६ मध्ये मेला, म्हातारा होऊन, बिछान्यात. मग मोगलांच्याच तवारिखकारानं त्याची तारीफ लिहिली. काळा माणूस मेल्यावर मोठा होतो, ही रीत जुनी आहे.

पण पुढचं पान पण वाचा. अंबरच्या फौजेत हजारो हबशी होते आणि त्यातले पुष्कळ विकत घेतलेले. गुलाम सुटला, पण गुलामांचा बाजार चालूच राहिला. गिऱ्हाईक बदललं एवढंच. हे मी अंबरला शिवी म्हणून सांगत नाही. एकटा माणूस वर चढला म्हणजे शिडी मोडली असं नसतं, एवढंच सांगतो.

जंजिरा घ्या. तिथं बेटावर आधी कोळ्यांचा लाकडी मेढेकोट होता. राम पाटील नावाच्या कोळ्याचा, असं सांगतात. दारूच्या पिंपांच्या निमित्तानं निजामशाहीची माणसं आत शिरली आणि कोळी गेले. मग दगडी किल्ला आणि सिद्दी. शिवाजी महाराजांनी मोहिमा काढल्या, समोर पद्मदुर्ग बांधला. संभाजीराजांनी १६८२ मध्ये समुद्रात भराव टाकून पाहिला. किल्ला पडला नाही. सिद्दी कधी विजापूरचा, कधी मोगलांचा, पण बेटावर स्वतःचा. पहिल्या काळात तिथं बापाची गादी पोराला असं नव्हतं. सिद्दी सरदार आपल्यातून लायक माणूस निवडायचे. हे लक्षात ठेवा, कारण हे पुढं संपलं.

याच सिद्दीनं, याकूतखानानं, १६८९ मध्ये मुंबई घेरली. शिवडीला उतरला, माझगाव घेतलं आणि इंग्रजांना कोटात कोंडलं. शेवटी इंग्रजांनी औरंगजेबापुढं नाक घासून दीड लाख रुपये भरले, तेव्हा १६९० मध्ये सिद्दी परत गेला. आज माझगावच्या धक्क्यावर बोजे उतरवणाऱ्या किती जणांना हे ठाऊक आहे? काळ्या माणसानं गोऱ्या कंपनीला घाम फोडला, ही गोष्ट शाळेत दोन ओळींत गुंडाळतात. कारण ती सांगायला गेलं तर परका कोण आणि घरचा कोण, हे गणित बिघडतं.

पण मूळ प्रश्नाकडं या. वही. श्रीवर्धन हे जंजिऱ्याच्या मुलखातलं गाव. तिथली देशमुखी कोणाकडं होती? भटांकडं. म्हणजे ज्या घरातून पुढं बाळाजी विश्वनाथ निघाला आणि पुण्याची पेशवाई झाली, त्या घराकडं. तख्तावर हबशी आणि वहीवर भट! सिद्दीशी बिनसलं तसा बाळाजी घाट चढून वर आला आणि इकडं पेशवा झाला. त्या पेशवाईत आपल्या माणसाच्या गळ्यात मडकं आणि कमरेला झाडू काय म्हणून बांधला गेला, ते बाबासाहेबांनी १९३६ मध्ये लिहून ठेवलंय. मग सांगा, सिद्दीच्या राज्यात गावगाडा फिरला का? देशमुख, कुलकर्णी, बलुता, वेस सगळं जागच्या जागी. वर हबशी बसला म्हणून गावकुसाबाहेरच्याला आत कोणी बोलावलं नाही. परका म्हणून सिद्दीला शिव्या देणाऱ्यांनी पण हे वाचावं. परक्याची वसुली करणारा घरचाच होता.

मग इंग्रज आले. त्यांनी तख्त मोडलं नाही, विकत घेतल्यासारखं पाळलं. १८६८ पर्यंत जंजिऱ्यात त्यांचा एजंटही नव्हता. त्या सुमारास नबाबाचा न्याय बिघडलाय म्हणून फौजदारी अधिकार काढून घेतले आणि एजंट बसवला. नबाबाला तोफांची सलामी, बापाची गादी पोराला, मुरुडला राजवाडा. राजा राहिला, राज्य गेलं. आणि रयत? रयत होती तिथंच.

हे एकट्या जंजिऱ्याचं नाही. सिद्दी जिथून आले त्या पूर्व आफ्रिकेत बघा. बुगांडा, आजच्या युगांडातलं जुनं राज्य. त्यांच्या राजाला कबाका म्हणतात. १९०० मध्ये इंग्रजांनी तिथं करार केला आणि आठ हजार चौरस मैल जमीन कबाका, त्याचं घराणं आणि हजारेक सरदार यांच्यात वाटली. काल जो शेतकरी वहिवाटीनं कसत होता, तो एका सहीत कूळ झाला. कबाका ऐकेना तेव्हा १९५३ मध्ये त्यालाच उचलून लंडनला टाकला. १९६२ मध्ये स्वातंत्र्य, १९६६ मध्ये राजवाड्यावर फौज, १९६७ मध्ये राज्य खालसा, १९९३ मध्ये पुन्हा गादी. राजा गेला, राजा आला. १९०० ला कागदावर कूळ झालेल्याच्या नातवंडांचा जमिनीचा तंटा मात्र राजाबरोबर गेला नाही.

इथं कोकणात खोत तेच करत होता. कुलाब्यात चरीच्या शेतकऱ्यांनी १९३३ पासून सहा वर्षं जमीन पडीक ठेवून संप केला. १९३७ मध्ये बाबासाहेबांनी खोती मोडायचं बिल आणलं. बघा, बाबासाहेबांनी कोणत्या राजाचा फोटो लावला नाही. त्यांनी थेट वहीला हात घातला. खोती आणि महारवतन, दोन्हीला.

आता आपल्या नाशिकची गोष्ट. इतिहासात हिला दीड ओळ मिळते. शरणपूर. तिथं मिशनऱ्यांनी एक आश्रम चालवला. अरबांच्या गलबतांवरून सोडवलेली आफ्रिकन पोरं मुंबईला उतरवायची आणि नाशिकला आणायची. सुतारकाम, लोहारकाम, बायबल, नवी नावं. १८६५ मध्ये लिव्हिंगस्टन येऊन त्यातली नऊ जणं घेऊन गेला. १८७३ मध्ये तो मध्य आफ्रिकेत मेला. त्याचं प्रेत किनाऱ्यापर्यंत आठ-नऊ महिने चालत वाहून आणलं त्यात नाशिकला शिकलेली पोरं होती. त्यातला जेकब वेनराइट प्रेताबरोबर लंडनला गेला. वेस्टमिन्स्टरमधल्या दगडावर वाहून आणणाऱ्यांचा उल्लेख काय आहे? विश्वासू हात. नावं नाहीत. हात.

गोदीत आम्हाला पण हातच म्हणतात. आज किती हात लागतील, मुकादम विचारतो. म्हणून सांगतो, माझा पूर्वज शोधायचा असेल तर मी किल्ल्यावर जाणार नाही. मी त्या हातांकडं जाईन.

१९४८ मध्ये जंजिरा विलीन झाला. नबाबाला तनखा मिळाला, तोही १९७१ मध्ये बंद झाला. सिद्दी संपले का? येल्लापूर, हल्याळच्या जंगलात जा. गोव्यात पोर्तुगीजांनी आणलेल्या गुलामांची पोरंबाळं, पळून रानात शिरलेली. घरात कोकणी बोलतात. उत्तर कन्नडातल्या या सिद्दींना अनुसूचित जमातीत घ्यायला २००३ साल उजाडलं. काळ्या राजाचा जयजयकार करणाऱ्यांपैकी किती जण त्यांच्या झोपडीत गेले? २०१७ मध्ये ग्रेटर नोएडात आफ्रिकन विद्यार्थ्यांना जमावानं मारलं, तेव्हा छातीवर अंबर लावणारे कुठं होते? आणि अजून आपल्याच वस्तीत काळ्या पोराला 'हबशी' म्हणून चिडवतात, तेव्हा आपण हसतो ना?

अंबरचं चित्र फाडा असं मी म्हणत नाही. लावा. पण त्याच्या शेजारी राम पाटील कोळी लावा, नाव नसलेले ते हात लावा, येल्लापूरची सिद्दी बाई लावा. जिथं चार पोरं जमतात तिथं राजाची जयंती करण्याऐवजी एक संध्याकाळ गावाचा सातबारा घेऊन बसा. आपल्या आज्याचं वतन कुठं गेलं, १९५८ च्या कायद्यानंतर ती जमीन कोणाच्या नावावर चढली, ते काढा. तख्ताचा रंग बघणं सोपं आहे, लांबून दिसतो. वही जवळ जाऊन वाचावी लागते. आपल्या पिढीला ती वाचता येते. बाबासाहेबांनी तेवढ्यासाठीच शिका म्हणून सांगितलं होतं.