मुभा कुठाय?



कोर्टाच्या कागदावर दोन वाक्यं असतात. एक : याचिका मागे घेण्यास परवानगी. दुसरं : योग्य त्या न्यायालयात दाद मागण्याची मुभा. पहिलं मिळालं न् दुसरं राहिलं, तर काय होतं ते हनी बाबूंना विचारा.

दिल्ली विद्यापीठातले प्राध्यापक. ओबीसी आरक्षणासाठी भांडलेले. २८ जुलै २०२० ला भीमा कोरेगाव खटल्यात एनआयएनं उचलले. २०२२ ला मुंबई हायकोर्टानं जामीन नाकारला. सुप्रीम कोर्टात गेले. दरम्यान त्याच खटल्यातले काहीजण जामिनावर सुटले, परिस्थिती बदलली. म्हणून ३ मे २०२४ ला वरची याचिका मागे घेतली, पुन्हा हायकोर्टात जायचं म्हणून. सरळ गोष्ट. पण ऑर्डरीत मुभेचं वाक्य नव्हतं. हायकोर्टात सवाल आला : मुभा कुठाय? वरून खुलासा आणा. जुलै २०२५ मध्ये वरचे म्हणाले, खुलासा नाही, योग्य त्या कोर्टात जा. अखेर ४ डिसेंबर २०२५ ला हायकोर्टानं जामीन दिला. एकोणीस महिने! सगळे त्या एका वाक्यानं खाल्ले असं मी म्हणत नाही. पण माणूस गजाआड, न् कोर्टं वाक्य हुडकतायत. ह्याला न्याय म्हणायचं?

हे कोल्हापुरात बसून का लिहितोय? १८ ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच इथं सीपीआरसमोर बसतंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग : सहा जिल्हे. वर्षानुवर्षं भांडून आणलं. मुंबईचा हेलपाटा वाचला, बरं झालं. पण जवळचं दारसुद्धा आतनं लावता येतं. न् कडी लागते ती आपल्याच वकिलाच्या हातानं.

गायरानाचा, स्मशानाचा, नोकरीचा मामला घेऊन आपला माणूस आत जातो. साहेबांचा कल उलटा दिसला की वकील हळूच म्हणतो, मागे घेतो मायलॉर्ड. बाहेर येऊन सांगतो, पुढं बघू. पुढं काय बघतोस बाबा? मुभा न घेता रिट मागे घेतली, तर त्याच कारणावर हायकोर्टात पुन्हा रिट नाही. सुप्रीम कोर्टानं सरगुजा ट्रान्सपोर्टच्या निकालात १९८६ लाच सांगून ठेवलंय. दिवाणी दाव्यासारखी दुसरी वाट उरते, पण ते दार गेलं. माणसाच्या सुटकेचा मामला वेगळा, असं त्याच निकालात आहे. तरी हनी बाबूंच्या वाट्याला काय आलं ते वर वाचलंत. दिवाणी दाव्यात तर मुभा मिळाली तरी मुदत थांबत नाही. पहिला दावा झालाच नव्हता असं धरून दिवस मोजतात.

मागे सरणं म्हंजे शरण जाणं नव्हे. डिसेंबर १९२७ ला महाडच्या तळ्यावर कोर्टाचा मनाईहुकूम आला. बाबासाहेबांनी सत्याग्रह तहकूब केला. तळं सोडलं नाही. २५ डिसेंबरला मनुस्मृती जाळली, न् केस लढत राहिले. १७ मार्च १९३७ ला हायकोर्टात जिंकले. नऊ वर्षं! पाऊल मागे, हक्क जागच्या जागी.

तेव्हा मागे घ्यायची वेळ आली तर घ्या. पण वकिलाला आधी विचारा : का? पुढं कुठं? मुदत किती उरली? भर कोर्टात मुभा मागायला लावा. ऑर्डरीची नक्कल लगेच काढा. वाक्य नसेल तर त्याच कोर्टात दुरुस्तीचा अर्ज टाका. ऑर्डर इंग्रजीत असेल तर वस्तीतल्या शिकलेल्या पोरानं वाचून दाखवावी. शिकलास कशासाठी, लेका?

मुभा ही कुणाची मेहेरबानी नव्हे. आपला हक्क आपल्याकडंच राहिल्याची ती पावती आहे. पावती घेतल्याशिवाय कोर्टाची पायरी उतरू नका.

जय भीम!